लंगडायला शिकवण्याआधी : बुतो शिबिरांच्या आयोजकांना आणि शिक्षकांना खुलं पत्र

आयोजक मंडळी आणि शिक्षकांनो,

सप्रेम नमस्कार.

मी नाटकांची प्रकाशयोजना करते. पंचवीसेक वर्षं झाली. प्रायोगिक नाटकं जास्त, मधूनमधून नृत्याचे कार्यक्रम. माझा उजवा पाय पोलिओचा आहे. दीड वर्षाची असताना ताप आला, तीन दिवसांनी उतरला आणि उतरताना पाय घेऊन गेला. मांडीपासून टाचेपर्यंत पायाला आधार देणारा कॅलिपर लावते. कॅलिपर लावूनच शिडी चढते, स्पॉट बांधते, फिल्टर बदलते. हे सुरुवातीलाच सांगते, कारण या पत्राचा विषय माझा पाय आणि तुमची शिबिरं असा दोन्ही मिळून आहे.

बुतो हा जपानी नृत्यप्रकार ज्याने सुरू केला त्या तात्सुमी हिजिकाताचं नाव मला वीस वर्षांपूर्वी एका मित्राच्या खोलीत कळलं. भिंतीवर चादर लावून मित्राने हिजिकाताच्या ‘होसोतान’ या प्रयोगाचं जुनं चित्रीकरण दाखवलं होतं. त्या रात्रीपासून मी या माणसाबद्दल मिळेल ते वाचत आले, मिळेल ते पाहत आले. म्हणून सह्याद्रीतल्या एका शेतघरात बुतोचं तीन दिवसांचं शिबिर आहे असं कळलं, तेव्हा त्याच रात्री अर्ज भरला. अर्जात एक प्रश्न होता : त्वचेचा आजार, शारीरिक व्यंग किंवा चालण्यासाठी साधनाची गरज आहे का? मी खरं ते लिहिलं. दोन दिवसांनी एका मुलीचा फोन आला. ‘मॅडम, सरांनी तुमचा फॉर्म वाचला. ग्रूपची एनर्जी एकसारखी असावी लागते. तुम्ही शेवटच्या दिवशी प्रेझेंटेशन बघायला या ना, तुमच्याकडून पैसे घेणार नाही.’ मुलगी मनापासून नम्र होती, तिच्यावर माझा राग नाही. शिबिराचं नाव मी इथे घेत नाही. असा रकाना एकाच अर्जात नसतो, म्हणून पत्र सगळ्यांना लिहिते आहे.

मी गेले. संध्याकाळचे सहा वाजले असतील. तळ्याकाठची हिरवळ, वीस-बावीस जण, बुतोत लावतात तसा अंगभर पांढरा रंग, मागून येणारं उतरतं ऊन. त्या उन्हात पांढऱ्या अंगाच्या कडा केशरी झाल्या होत्या. धंद्याच्या नजरेने सांगते, दिसायला फार सुंदर होतं. सगळे अगदी सावकाश चालत होते, आणि त्यातली एक बाई लंगडत होती. उजवा पाय ओढत, खांदा पाडून, मान तिरकी करून. ती शेवटच्या टोकाला पोचली तेव्हा टाळ्या झाल्या. नंतर शिक्षकांनी सांगितलं की तिने आज आपल्या आतली जखम मोकळी केली.

मी हिरवळीच्या कडेला प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसले होते. कॅलिपरचा गुडघ्याचा खटका उघडून पाय दुमडला होता.

तिचं लंगडणं चुकीचं होतं. हे मी चिडून म्हणत नाही, माहिती म्हणून सांगते. पोलिओच्या पायात मांडीच्या पुढच्या बाजूचे स्नायू गेलेले असतात, त्यामुळे गुडघा कधी दगा देईल याचा नेम नसतो. कॅलिपर नसेल तेव्हा पंजा गुडघ्याच्या जरा वर दाबून धरायचा, गुडघा मागे रेटून अडकवायचा आणि मग त्यावर भार टाकायचा. दर पावलाला हे करावं लागतं. माझ्या सगळ्या जुन्या सलवारींचं कापड उजव्या मांडीवर त्याच एका ठिकाणी विरलेलं आहे. आणि मान तिरकी होत नाही. मान ताठ असते, कारण नजर पुढच्या चार पावलांवर लागलेली असते : फरशी ओली आहे का, जाजमाची कड वर आली आहे का, कुणाची चप्पल आडवी पडली आहे का. लंगडणं हा सतत चाललेला हिशोब आहे. त्या बाईच्या लंगडण्यात हिशोब नव्हता, दुःख दाखवणं होतं.

पण या एका संध्याकाळीसाठी मी एवढं पत्र लिहिलं नसतं. तुमच्या जाहिरातींत आणि प्रास्ताविकात बुतोबद्दल जे सांगितलं जातं, त्यातून हिजिकाताचं शरीरच गाळून टाकलेलं असतं. बॉडी डिटॉक्स, इनर चाइल्ड, झेन मूव्हमेंट, हिरोशिमाच्या राखेतून जन्मलेलं नृत्य. हे ऐकून येणाऱ्या माणसाला वाटतं की जपानमध्ये कुणी तरी मनःशांतीचा एक सावकाश प्रकार शोधून काढला आहे. मग अर्जात व्यंगाचा रकाना येतो आणि तो कुणाला खटकतही नाही.

हिजिकाता ९ मार्च १९२८ रोजी अकिता प्रांतातल्या एका खेड्यात जन्मला. खरं नाव कुनिओ योनेयामा. महिन्याच्या नऊ तारखेला जन्मला म्हणून नावाच्या चित्रलिपीतही नऊचा आकडा आहे. अकरा भावंडांतला तो दहावा. अकिता म्हणजे जपानच्या ईशान्येचा तोहोकू भाग, समुद्रावरून येणारा बोचरा वारा, महिनोन्‌महिने बर्फ आणि बर्फ वितळलं की भातशेतीचा चिखल. १९३१ आणि १९३४ साली थंडीने तिथलं भात बुडालं. पोरी विकायची वेळ आलेली घरं त्या भागात होती, हे इतिहासात नोंदलेलं आहे. १९३४ साली हा मुलगा सहा वर्षांचा होता.

मृत्यूच्या वर्षभर आधी, फेब्रुवारी १९८५ मध्ये, टोकियोतल्या बुतो महोत्सवात त्याने एक भाषण केलं. त्यात त्याने लहानपणची एक गोष्ट सांगितली. शेतीच्या कामाच्या दिवसांत आईबाप तान्ह्या पोरांना पेंढ्याच्या गोल टोपल्यांत बांधून बांधावर ठेवायचे आणि कामाला जायचे. पोरं रडायची, पण वाऱ्यात ते रडणं कुणाला ऐकू जायचं नाही. अंधार पडल्यावर टोपलीतून बाहेर काढलं की त्यांचे पाय दुमडलेलेच राहायचे, सरळ व्हायचे नाहीत. त्याच भाषणात त्याने स्पष्ट सांगितलं की त्याचं नृत्य देवळातल्या किंवा मठातल्या कलांतून आलेलं नाही. वसंताच्या सुरुवातीच्या चिखलाने त्याला नाचायला शिकवलं. चिखलात पडलेलं पोर कसं उठतं, कसं रुततं, तिथून ते आलं.

शिक्षकहो, झेन म्हणण्याआधी एवढं एक भाषण वाचा. ज्याने स्वतः देवळाशी नातं नाकारलं, त्याच्या नाचाला तुम्ही उदबत्ती लावता आणि ज्या दुमडलेल्या पायांपासून त्याने सुरुवात केली ते पाय अर्जातच अडवता.

हिरोशिमाचंही तसंच. अणुबॉम्बवरच्या एका लघुपटात त्याने काम केलं आहे, छायाचित्रकार एइको होसोए यांनी तो १९६० साली केला होता. त्यामुळे संबंधच नाही असं मी म्हणणार नाही. पण त्याच्या लिखाणात आणि नाचात पुन्हापुन्हा येतो तो अकिताचा बर्फ, भूक, आजारी माणसं, लढाईवर गेलेले आणि राख होऊन परतलेले भाऊ. हिरोशिमा म्हटलं की एका वाक्यात सगळं समजल्यासारखं वाटतं. बांधावरच्या टोपल्यांना तेवढं सोपं वाक्य नाही.

‘बुतो’ या शब्दातल्या ‘बु’चा अर्थ नाच आणि ‘तो’चा अर्थ जमीन तुडवणं. त्याने स्वतः आपल्या कामाला ‘अंकोकु बुतो’ म्हटलं, म्हणजे गडद काळोखाचं नृत्य. त्याचा पहिला गाजलेला प्रयोग २४ मे १९५९ रोजी टोकियोत झाला, एका नृत्यसंघटनेच्या नव्या नर्तकांच्या कार्यक्रमात. नाव ‘किंजिकी’, निषिद्ध रंग. युकिओ मिशिमाच्या कादंबरीवरून ते घेतलेलं होतं. मंचावर हिजिकाता आणि बुतोचे दुसरे मोठे नर्तक काझुओ ओनो यांचा तरुण मुलगा योशितो. त्या मुलाच्या मांड्यांमध्ये एक जिवंत कोंबडी दाबून धरायला दिलेली. नंतरचा बराचसा भाग अंधारात होता, पळणाऱ्या पावलांचे आणि श्वासांचे आवाज तेवढे. माझ्या कामातली माणसं हे वाचून थबकतात. नर्तकाने रंगमंचावर येऊन प्रकाश नाकारायचा, प्रेक्षकाला फक्त कानांवर सोडायचं, ही १९५९ सालची गोष्ट आहे. गदारोळ झाला आणि हिजिकाता त्या नृत्यसंघटनेतून बाहेर पडला. कोंबडीचा वापर मला तेव्हाही मान्य झाला नसता आणि आज तर कुणीच करू नये. पण तो प्रयोग बघून कुणाला मनःशांती मिळाली असेल असं वाटत नाही.

ऑक्टोबर १९६८ मध्ये त्याने ‘हिजिकाता तात्सुमी आणि जपानी माणसं : देहाचं बंड’ हा प्रयोग केला. त्यासाठी उपाशी राहून त्याने शरीर इतकं वाळवलं होतं की छायाचित्रांत बरगड्या मोजता येतात. नववधूचा किमोनो उलटा घालून तो पालखीतून प्रेक्षकांमधून आला. मंचावर पितळी पत्रे टांगलेले होते, नात्सुयुकी नाकानिशी या चित्रकाराने केलेले. कमरेला सोनेरी लिंग बांधून तो नाचला आणि शेवटी दोरांनी बांधून त्याला वर उचललं गेलं. त्याच्या पुढच्या वर्षी एका भयपटात त्याने बोटांमध्ये पडदे असलेल्या माणसाची भूमिका केली, एका बेटावर विद्रूप माणसं ‘घडवणाऱ्या’ बापाची. हा सिनेमा जपानमध्ये कित्येक दशकं घरगुती व्हिडिओवरसुद्धा निघाला नाही. देहाची भीती, देहाची किळस, देह बिघडण्याचा थरार हा त्याच्या कामाचा गाभा आहे. तो झाकून उरतो तो फक्त पांढरा रंग.

आता ‘होसोतान’. १९७२ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये टोकियोच्या शिंजुकूतल्या एका नाट्यगृहात त्याने सत्तावीस रात्रींची मालिका केली, त्यातला हा एक प्रयोग. नावाचा अर्थ देवीच्या रोगाची कथा. त्यातला त्याचा एकट्याचा भाग मी मोजदाद ठेवणं सोडून देण्याइतक्या वेळा पाहिला आहे. तो जमिनीवर आहे. हाडकुळा, अंगावर चिंध्या, केस वर बांधलेले. उठायचा प्रयत्न करतो आहे. गुडघे उभे राहतात, पण त्यांत भार घ्यायची ताकद नाही. तळवे आत वळलेले, हाताची बोटं छातीशी आखडलेली. एक पाय हवेत उचलला जातो आणि काय करायचं हे विसरल्यासारखा तिथेच थांबतो. मागे फ्रान्सच्या डोंगराळ ओव्हेर्न्य भागातलं मेंढपाळांचं गाणं लागलेलं असतं, अतिशय गोड, दूरवर हाक मारल्यासारखं. त्या गोडव्याशी या देहाचा काही संबंध नाही आणि तरी दोघं एकाच जागी आहेत.

पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला आजी आठवली. तिच्या तोंडावर देवीचे वण होते. आपल्याकडे ‘देवी आल्या’ म्हणायचे. दाराला कडुलिंबाचा डहाळा, घरात फोडणी द्यायची नाही, मोठ्याने बोलायचं नाही. आजी सांगायची की बरी झाल्यावर घरातल्यांनी आरसा काढून ठेवला होता. ती गेली तोवर देशातून देवी हद्दपार होऊन बरीच वर्षं झाली होती (शेवटचा रुग्ण १९७५ साली सापडला), पण वण होते ते होतेच. लहानपणी मी तिच्या गालावरून बोट फिरवायचे आणि खड्डे मोजायचे. पुढे नृत्याच्या मंचावर तो रोग, ते उठता न येणं, एवढ्या लक्षपूर्वक कुणी आणलं असेल याची मला कल्पनाच नव्हती. त्या रात्री मित्राच्या खोलीत माझा पाय मला पहिल्यांदा नाचाच्या बाजूचा वाटला.

एक गोष्ट नीट लक्षात घ्या. तो आजारी माणसाची नक्कल करत नव्हता. त्याची पद्धत शब्दांची होती. नर्तकांना तो प्रतिमा सांगायचा, एकामागून एक. त्याच्या वह्यांत चित्रांची कात्रणं चिकटवलेली आहेत, फ्रान्सिस बेकन, हान्स बेलमेर, वोल्स, आणि शेजारी त्याच्या अक्षरात टिपणं. टोकियोच्या केइओ विद्यापीठाच्या कलाकेंद्रात त्याचा संग्रह जपलेला आहे. त्यातला किड्यांचा सराव बहुतेकांनी ऐकलेला असतो. उजव्या हाताच्या पाठीवर एक किडा चालतो. मग डाव्या मानेवरून दुसरा उतरतो. मग मांडीच्या आतून एक वर चढतो. असे वाढत वाढत अंगभर किडे होतात, शेवटी शेकडो, कातडीच्या भोकांतून आत शिरतात, आतड्यांपर्यंत पोचतात, आतलं खाऊन टाकतात. नर्तकाने ‘किडे आहेत’ असं दाखवायचं नसतं. एका किड्याकडे लक्ष असताना दुसरा येतो, लक्ष फाटतं आणि फाटलेल्या लक्षातून अंग आपोआप हलतं. बाहेरून दिसतं ते थरथरणं, आकसणं, अडखळणं. आत हिशोब चालू असतो.

मी वर लंगडण्याच्या हिशोबाबद्दल लिहिलं ते म्हणूनच. तळ्याकाठच्या त्या बाईला कुणी किडे दिले नव्हते, टोपली दिली नव्हती, चिखल दिला नव्हता. ‘तुझी जखम बाहेर काढ’ एवढंच सांगितलं होतं. तिने बिचारीने दुखण्याचं जे चित्र सगळ्यांच्या डोक्यात असतं तेच काढून दाखवलं, आणि ते चित्र माझ्या पायाचं निघालं.

हिजिकाताला देव करावं असं माझं म्हणणं नाही. त्याच्या मंडळीतल्या तरुण नर्तक-नर्तकींना कॅबरेमध्ये अंगाला सोनेरी भुकटी फासून नाचावं लागे आणि त्या पैशावर मंडळी चाले. गुरूच्या घरातच राहून, गुरूच्या शब्दावर उठबस करून शिकण्याचं ते जग होतं, आणि त्यात बायकांनी काय सोसलं हे विचारायलाच हवं. आणखी एक गोष्ट आहे, ती मला जास्त लागते. १९६९ सालच्या एका लेखात त्याने लिहिलं आहे की धडधाकट शरीर असूनही आपण पंगू असतो तर, पंगूच जन्मलो असतो तर, असं ज्याला वाटू लागतं त्याचं बुतोतलं पहिलं पाऊल पडतं. हे वाचून मी कितीतरी दिवस अस्वस्थ होते. माझा पाय कुणाच्या तरी इच्छेचा विषय व्हावा हे मला नको आहे. सरकारी दवाखान्याच्या लाकडी बाकावर आईने माझ्यासाठी काढलेले तास कुणी हेव्याने पाहावेत असे नव्हते. पण त्याच वाक्यात दुसरंही काही आहे. नृत्याच्या जगात उंच उडी, सरळ पाठ, ताणलेली बोटं यांचीच किंमत असताना हा एक माणूस म्हणाला की मला तिकडे जायचं नाही, मला दुमडलेल्या पायाकडे जायचं आहे. त्याने आमच्या शरीराची वाट धरली. आम्हाला बरोबर घेतलं का, हा वेगळा प्रश्न. त्याचे नर्तक तरुण आणि धडधाकट होते.

हा प्रश्न जपानमध्येच दुसऱ्या एका बाईने सोडवला, आणि तुमच्या शिबिरांत तिचं नाव मी कधी ऐकलेलं नाही. किम मानरी. जन्म १९५३, ओसाका. घर कोरियन, आई कोरियन शास्त्रीय नृत्य-गायनातली नावाजलेली कलावती. मुलीला तिसऱ्या वर्षी पोलिओ झाला. बालपणीची कित्येक वर्षं अपंग मुलांच्या संस्थेत गेली. पुढे ती अपंगांच्या हक्कांच्या चळवळीत उतरली आणि १९८३ साली तिने ओसाकात ‘ताइहेन’ नावाची नाटक मंडळी काढली. यात मंचावर येणारे सगळे शारीरिक अपंग, बरेचसे तीव्र अपंग. अंगाला घट्ट बसणारा एकसंध पोशाख घालतात, म्हणजे शरीराचा कुठलाही वाक, कुठलीही गाठ झाकली जात नाही. चाकाची खुर्ची, कुबड्या, कॅलिपर बाहेर ठेवायचे. जपानी पारंपरिक रंगभूमीवरचे काळ्या कपड्यांतले मदतनीस असतात तसे मदतनीस त्यांना उचलून मंचावर आणतात, खाली ठेवतात आणि निघून जातात. मग हे लोक लोळतात, सरपटतात, गडगडत जातात, एकमेकांवर आपटतात. उभं राहायची कुणाला सक्तीच नाही. तिथे लंगडणं शिकवावं लागत नाही.

१९९८ साली आई गेल्यावर किम मानरीने आईसाठी एकटीचा प्रयोग केला, ‘उरी ओमोनी’, आमची आई. तो बसवायला मदत केली काझुओ ओनो आणि योशितो ओनो यांनी. काझुओ ओनो म्हणजे तेच, ज्यांच्या १९७७ सालच्या ‘ला आर्हेन्तिना’ प्रयोगाचं दिग्दर्शन हिजिकाताने केलं होतं. १९२९ साली पाहिलेल्या एका स्पॅनिश नर्तकीच्या आठवणीवर, वयाच्या सत्तरीनंतर, ते बाईचे कपडे घालून नाचले. योशितो म्हणजे १९५९ चा तो कोंबडीवाला मुलगा, आता साठीला आलेला. म्हणजे बुतोच्या अगदी पहिल्या प्रयोगातला माणूस पोलिओ झालेल्या बाईचा नाच बसवायला तिच्या शेजारी बसला होता. काझुओ ओनो तेव्हा नव्वदी ओलांडलेले होते. त्यांना कुणी फॉर्म दाखवला असता आणि ‘एनर्जी’बद्दल विचारलं असतं तर ते काय म्हणाले असते, हे माझ्या मनात त्या संध्याकाळी घरी परतताना सारखं येत होतं.

तुम्ही म्हणाल, आमच्यावर जबाबदारी असते. कुणी पडलं, कुणाला रंगाची ॲलर्जी झाली तर आम्हाला भरावं लागतं. मान्य आहे. मीसुद्धा नटांना अंधारात उभं करते, त्यांच्या पडण्याची काळजी माझी असते. त्यासाठी मी मंचावर चमकणाऱ्या चिकटपट्टीच्या खुणा लावते, पायऱ्या आधी मोजून घेते, नटाला विचारते की तुला कुठे दिसत नाही. नटालाच काढून टाकत नाही. सप्टेंबर १९८५ मध्ये अमेरिकेतल्या सिअ‍ॅटलमध्ये ‘सांकाइ जुकू’ या बुतो मंडळीचा एक नर्तक इमारतीवरून उलटा टांगून खाली येत असताना दोर तुटून पडला आणि गेला. तो धडधाकट, सरावलेला नर्तक होता. धोका दोरात होता. अर्जात व्यंग विचारून धोका टळत नाही, दोर तपासून टळतो.

तेव्हा माझी मागणी साधी आहे. तो रकाना ठेवा, पण प्रश्न बदला : तुम्हाला यायचं असेल तर आम्ही काय तयारी करावी? पांढरा रंग लावणार असाल तर तो कसला आहे हे आधी कळवा. कोड असलेल्या, सोरायसिस असलेल्या माणसाला ठरवू द्या की लावायचा की नाही, आणि न लावताही त्याला नाचू द्या. पहिल्या दिवशी ‘होसोतान’ दाखवा, पूर्ण दाखवा, उठता न येणाऱ्या त्या मिनिटांसकट. कुणाला मळमळलं, कुणी उठून गेलं तर जाऊ द्या, त्या मळमळण्यापासूनच बोलायला सुरुवात होऊ शकते. किम मानरीचं नाव हिजिकाताच्या शेजारी घ्या. आणि कुणी लंगडायला लागलं तर त्याला टाळ्या मिळण्याआधी कुणी तरी विचारावं, तुझा भार आत्ता कुठे आहे? उत्तर देता आलं नाही तर पुन्हा पहिल्या किड्यापासून सुरुवात करायला सांगा.

तीन दिवस पुरत नाहीत असं म्हणणारे पुष्कळ आहेत, मी त्यांतली नाही. तीन दिवसांत एक किडा नीट चालवता आला तरी खूप झालं. माझी तक्रार वेळेची नाही. आजारी, वाकडं, वण पडलेलं, दुमडलेलं शरीर ज्या नाचाच्या मुळाशी आहे, त्याच्या दारात अशा शरीराला प्रेक्षकाची खुर्ची दिली जाते, ही माझी तक्रार आहे.

पुढच्या थंडीतल्या शिबिरासाठी मी पुन्हा अर्ज भरते आहे, त्याच ठिकाणी आणि आणखी दोन ठिकाणी. माझ्यासाठी काय तयारी लागेल ते इथेच लिहिते. कॅलिपर काढून ठेवायला एक कोरडी जागा. धरायला एक भिंत. हिरवळ असेल तर दव पडायच्या आधीची वेळ, कारण ओल्या गवतावर मला हातांवर सरकावं लागतं आणि तळवे सटकतात. बाकी सराव मी जमिनीवर करेन. किडे जमिनीवरही चढतात. दिव्यांची काही व्यवस्था हवी असेल तर माझे चार पार-कॅन आणि एक डिमर घेऊन येईन, त्याचं भाडं नको.

उत्तराची वाट बघते.

आपली,
प्रकाशयोजना करणारी एक रंगकर्मी
पुणे